वाचकांचे प्रश्न : मेक्सिकोचा जुना टीव्ही गेला कुठे?

गेल्या अंकात मी लिहिलं होतं की मेक्सिकोतले काही डॉक्युमेंटरीवाले आपल्या देशाच्या टीव्हीचा इतिहास गोळा करत फिरतात, म्हणजे जुने कॅमेरामन, लाइटवाले, मेकअपवाल्या बायका, मालिकांच्या लेखिका अशा सगळ्यांना कॅमेऱ्यासमोर बसवून बोलतं करतात आणि अडगळीत पडलेल्या टेपा शोधून काढतात. त्यावर खूप पत्रं आली, ईमेल तर अजून येतायत. मी स्वतः एडिटिंगच्या टेबलावर बावीस वर्षं काढली, टेपा हाताळण्यातच आयुष्य गेलं, त्यामुळे हा विषय माझ्या फार जवळचा आहे. सगळ्यांना उत्तरं देणं जमणार नाही, पण ज्या प्रश्नांवर नीट बोलायलाच हवं ते घेतलेत.

ताई, चॅनलवाल्यांकडे स्वतःचे कार्यक्रम असणारच की. मग एखाद्या डायरेक्टरने ते वेगळे जपायची गरज काय? – एक वाचक, संगमनेर

नसतात हो. सगळी गोम तिथेच आहे.

मेक्सिकोचं पहिलं टीव्ही स्टेशन म्हणजे चॅनल ४. त्याचं उद्घाटन ३१ ऑगस्ट १९५० ला झालं आणि दुसऱ्याच दिवशी, १ सप्टेंबरला, राष्ट्राध्यक्ष मिगेल आलेमान यांचं संसदेपुढचं वार्षिक भाषण त्यांनी थेट दाखवलं. लॅटिन अमेरिकेतलं हे पहिलं स्टेशन, ब्राझीलचं त्यानंतर अडीच आठवड्यांनी आलं. मग १९५१ मध्ये चॅनल २, १९५२ मध्ये चॅनल ५, आणि १९५५ मध्ये ही तिन्ही एकत्र होऊन तेलेसिस्तेमा मेक्सिकानो नावाची एकच कंपनी झाली, तीच पुढे १९७३ मध्ये आणखी एका कंपनीबरोबर मिळून तेलेविसा झाली. हा सगळा हिशोब कागदावर सापडतो, तारखा सापडतात, मालकांची नावं सापडतात, पण त्या पहिल्या वर्षांत पडद्यावर रोज काय दिसत होतं ते विचारलं तर हात रिकामे. कारण सगळं लाइव्ह होतं. समोर माणूस बोलतोय, कॅमेरा चालू आहे, चित्र टॉवरवरून निघालं, लोकांच्या घरातल्या अँटेनावर उतरलं आणि संपलं, मागे काहीच राहिलं नाही.

एकच उदाहरण सांगते. मेक्सिकोची पहिली रोजची मालिका १९५८ मध्ये चॅनल ४ वर लागली, सेंदा प्रोइबिदा, म्हणजे निषिद्ध वाट. लेखिका फेर्नांदा वियेली. ऑफिसात काम करणारी एक मुलगी लग्न झालेल्या माणसाच्या प्रेमात पडते अशी गोष्ट, ती भूमिका सिल्विया देर्बेस यांनी केली होती, आणि लोकांना ती इतकी खरी वाटायची की देर्बेसबाई रस्त्यात दिसल्या तर बायका त्यांना तोंडावर बोल लावायच्या असं तिकडे अजून सांगतात. (त्यांचा मुलगा एउखेनिओ देर्बेस आज तिकडचा मोठा विनोदी नट आहे, कोडा सिनेमातला तो गाण्याचा मास्तर आठवतोय का, तोच.) आज जगभर ज्या मेक्सिकन मालिका जातात त्या सगळ्यांची ही आजी म्हणा. आणि या मालिकेचा एकही भाग आज कुणाला बघता येत नाही, कारण ती रोज संध्याकाळी लाइव्ह व्हायची आणि रेकॉर्ड अशी झालीच नाही. राहिले ते फोटो, पेपरातल्या बातम्या आणि ज्यांनी पाहिली त्यांच्या आठवणी.

आता तुम्ही म्हणाल की टेप होती ना. टेप आली ती १९५६ मध्ये, अमेरिकेतल्या अँपेक्स कंपनीने काढली, दोन इंच रुंद, एका तासाचं रीळ म्हणजे जवळपास १४६० मीटर, दोन्ही हातांनी उचलायचं. तासाभराच्या कोऱ्या टेपेला त्या काळचे तीनशे डॉलर पडायचे. त्याआधी एकच सोय होती, ती म्हणजे मॉनिटरसमोर सोळा एमएमचा फिल्म कॅमेरा लावून पडद्याचंच शूटिंग करायचं, त्याला किनेस्कोप म्हणतात, चित्र मऊ आणि धुरकट यायचं पण निदान यायचं. आता एवढी महाग टेप एकदा वापरून कपाटात कोण ठेवेल? तिच्यावरच पुढच्या आठवड्याचा कार्यक्रम घ्यायचे. हे एकट्या मेक्सिकोत घडलं असं मुळीच नाही, बीबीसीनेसुद्धा डॉक्टर हू या आपल्या मालिकेचे कितीतरी भाग असेच पुसले, आणि त्यातले नऊ भाग २०१३ मध्ये सापडले कुठे तर नायजेरियातल्या एका टीव्ही स्टेशनच्या खोलीत, कारण कधीकाळी तिकडे कॉपी विकली होती. म्हणूनच जुना कार्यक्रम शोधायला निघालेला माणूस आधी विचारतो की हा बाहेर कुठल्या देशात विकला होता का.

मी नोकरीला लागले तेव्हा एका ठिकाणी (नाव नको) माझ्या हातात एक यूमॅटिक (स्टुडिओत वापरायची व्हिडिओ) कॅसेट आली होती, तिच्या लेबलवर तीन कार्यक्रमांची नावं एकाखाली एक खोडलेली आणि चौथं बॉलपेनने लिहिलेलं. पहिलं नाव एका गायिकेच्या मैफलीचं होतं. मी मशीनला लावून बघितली, आत शेतीविषयक चर्चा निघाली. ती गायिका तोवर गेलेली होती. आज तीस वर्षं झाली पण ते लेबल माझ्या डोळ्यासमोरून जात नाही, आणि ज्याने ती टेप पुसली त्याला मी दोष तरी काय देऊ, त्याला वरून सांगितलं होतं की नवीन कॅसेट मिळणार नाही, असलेल्यात भागव.

तर चॅनलकडे जे आहे ते विकता येण्यासारखं म्हणून उरलंय, आणि जे उरलं नाही ते कुणाला तरी बाहेरून उभं करावं लागतं. ते काम हे डॉक्युमेंटरीवाले करतात.

मेक्सिकोचा टीव्ही आणि आपण, संबंध काय? आपल्या मासिकात हे कशाला? – एक वाचक, नागपूर

तुम्ही नागपूरहून विचारताय म्हणून मला जास्तच बरं वाटलं, कारण संबंध तुमच्या विदर्भातूनच जातो!

मिगेल साबिदो नावाचे एक मेक्सिकन नाटककार-दिग्दर्शक, त्यांनी तेलेविसात असताना एक वेगळाच प्रयोग केला. त्यांचं म्हणणं असं की लोक मालिका बघतातच, रडतात, भांडतात, पात्रांबरोबर जगतात, मग त्याच गोष्टीतून एखादी कामाची गोष्ट का जाऊ नये, पण भाषण न करता. १९७५ मध्ये त्यांनी वेन कोन्मिगो, म्हणजे माझ्याबरोबर चल, ही मालिका केली. त्यात मोठी माणसं पुन्हा लिहायला-वाचायला शिकतात. एका भागात पात्रं प्रौढ शिक्षणाची पुस्तकं आणायला खऱ्याखुऱ्या सरकारी केंद्रात जातात, तर दुसऱ्या दिवशी हजारो लोक खरोखरच त्या केंद्रावर येऊन उभे राहिले आणि मेक्सिको सिटीत वाहतूक अडकली. पुढे १९७७ मध्ये कुटुंब नियोजनावरची मालिका आली.

आणि आता आपलं. तेव्हाचे आपले माहिती-नभोवाणी मंत्री वसंत साठे, वर्ध्याचे खासदार, १९८२ मध्ये मेक्सिकोला गेले होते. तिथे त्यांनी या मालिकांचं काम समजून घेतलं, आणि इकडे दूरदर्शनवर असं काही व्हायला हवं हा विचार घेऊन परत आले. त्यातून हम लोग आली, ७ जुलै १९८४ ला पहिला भाग, लेखक मनोहर श्याम जोशी, शेवटी अशोक कुमार येऊन दोन शब्द बोलायचे ते तुमच्यातल्या पन्नाशीच्या सगळ्यांना आठवत असेल. सुरुवातीला त्यातही कुटुंब नियोजनाचा भाग जास्त होता, लोकांना ते उपदेशासारखं वाटायला लागलं म्हणून मग घरातली नाती, पोरींचं शिक्षण, दारू असं वळण घेतलं, आणि पुढे मालिका अशी चालली की लाखो पत्रं यायची. बडकी, छुटकी, लल्लू, बसेसर राम ही माणसं आपल्या शेजारी राहत असल्यासारखी झाली होती. आमच्याकडे तर हम लोग लागली की चाळीतल्या ज्यांच्याकडे टीव्ही होता त्यांच्या दारात चपलांचा ढीग.

म्हणजे आपल्याकडच्या रोजच्या मालिकांचं घराणं शोधत गेलं तर एक फांदी थेट मेक्सिकोत निघते. मेक्सिकोतला कुणी साबिदोंच्या काळातल्या माणसांच्या मुलाखती घेऊन ठेवत असेल तर तो आपलाही इतिहास ठेवतोय.

रंगीत टीव्हीचा शोध एका मेक्सिकन मुलाने लावला असा मेसेज व्हॉट्सअ‍ॅपवर आला होता. खरंय का? – निवृत्त इंजिनियर, पुणे

अर्धं खरं आहे, आणि ते अर्धंच इतकं मोठं आहे की उरलेलं जोडायची गरजच नाही.

गियेर्मो गोन्सालेस कामारेना, जन्म १९१७, ग्वादालाहाराचा. जुन्या बाजारात मिळणाऱ्या सुट्या पार्टांतून त्याने विशीच्या आतच कॅमेरा जुळवला. वयाच्या तेविसाव्या वर्षी, १९४० मध्ये, रंगीत टीव्हीच्या आपल्या पद्धतीचं मेक्सिकोत पेटंट घेतलं आणि सप्टेंबर १९४२ मध्ये अमेरिकेतलं पेटंट मिळालं. पद्धत अशी की कॅमेऱ्यापुढे लाल, हिरवी, निळी अशी काच असलेली चकती गरगर फिरते, त्यामुळे एकामागून एक तीन रंगांची चित्रं जातात, आणि घरच्या सेटसमोर तशीच चकती त्याच वेगाने फिरली की डोळा ती तिन्ही एकत्र करून रंगीत चित्र बघतो. तुम्ही इंजिनियर आहात, तुम्हाला लगेच कळेल की दोन्ही चकत्या एका तालात फिरवणं हेच त्यात सगळ्यात अवघड.

पण पहिला म्हणाल तर नाही. स्कॉटलंडच्या बेअर्डने १९२८ मध्येच रंगीत चित्र दाखवून झालं होतं, आणि अमेरिकेत सीबीएस या टीव्ही कंपनीचे गोल्डमार्क १९४० मध्ये याच फिरत्या चकतीवर काम करत होते. कामारेनांचं मोठेपण मला वेगळ्याच गोष्टीत वाटतं. त्यांनी चॅनल ५ उभारलं, त्याच्या एक्सएचजीसी या नावातली जीसी ही अक्षरं त्यांचीच. १९६३ मध्ये मेक्सिकोत रंगीत प्रक्षेपण सुरू झालं तेव्हा त्यांनी पहिला कार्यक्रम मुलांचा निवडला. आणि एप्रिल १९६५ मध्ये, वेराक्रूस भागातल्या डोंगरावरचा ट्रान्समीटर बघून परत येताना मोटार अपघातात गेले, वय फक्त ४८. मालक झालेला, एवढं नाव असलेला माणूस, तरी ट्रान्समीटर बघायला स्वतः डोंगरावर गेला होता.

डॉक्युमेंटरी करणाऱ्यापुढे इथे खरी परीक्षा असते. देशाला हिरो हवा असतो, 'जगात पहिला' हे वाक्य पडद्यावर छान दिसतं, टाळ्या मिळतात. ते वाक्य गाळून पेटंटचा कागद दाखवायला हिंमत लागते.

१९६८ मध्ये तिथे विद्यार्थ्यांवर गोळीबार झाला होता ना? टीव्हीने ते दाखवलं का? – प्राध्यापक, औरंगाबाद

२ ऑक्टोबर १९६८, मेक्सिको सिटीतला त्लातेलोल्को चौक. त्याच्या बरोबर दहा दिवसांनी, १२ ऑक्टोबरला, त्याच शहरात ऑलिंपिक सुरू झालं, उपग्रहावरून रंगीत चित्रं जगभर गेली, आणि टीव्हीच्या इतिहासात ते वर्ष रंगीत ऑलिंपिकचं वर्ष म्हणून नोंदलं गेलं. गोळीबाराचं आणि त्या आंदोलनाचं जे चित्रण आज आपल्याला बघायला मिळतं त्यातलं फार मोलाचं चित्रण तिथल्या राष्ट्रीय विद्यापीठाच्या फिल्म स्कूलमधल्या पोरांनी स्कूलचेच कॅमेरे घेऊन केलेलं आहे. टीव्हीकडे मोठमोठे कॅमेरे होते, गाड्या होत्या, माणसं होती.

टीव्हीचा इतिहास सांगताना काय दाखवलं याच्याइतकंच काय दाखवलं नाही हेही सांगावं लागतं, आणि त्यासाठी अर्काइव्हमध्ये टेप सापडत नाही, त्या काळी न्यूजरूममध्ये बसलेला माणूस शोधावा लागतो आणि तो आज बोलायला तयार असावा लागतो. पन्नास वर्षं गप्प राहिलेल्या माणसाला एका दुपारी बोलतं करणं सोपं नाही सर.

ऐंशी-पंच्याऐंशी वर्षांच्या माणसांना काय आठवणार? अशा मुलाखतींवर विश्वास कसा ठेवायचा? – एक वाचक, ठाणे

रास्त प्रश्न. तारखा चुकतात, नावं चुकतात, कुठला प्रसंग आधी आणि कुठला नंतर यात हमखास गल्लत होते. म्हणून चांगला डायरेक्टर तारखा विचारतच नाही, त्या तो पेपरांच्या फायलींतून काढतो. तो विचारतो हाताचं काम. कॅमेरा किती जड होता, केबल कोण ओढायचं, दिव्यांच्या उष्णतेत मेकअप किती वेळ टिकायचा, लाइव्ह चालू असताना नट वाक्य विसरला तर काय करायचे. हाताने केलेलं काम माणूस विसरत नाही.

यातलंच एक सांगते, मला हे वाचून फार गंमत वाटली होती. मेक्सिकन मालिकांत नटाच्या कानात एक छोटं यंत्र बसवायचे, दिसायला वाटाण्याएवढं, म्हणून त्याला चिचारो असंच म्हणतात, तिकडच्या स्पॅनिशमध्ये वाटाणा. आत एका खोलीत एक माणूस स्क्रिप्ट घेऊन बसलेला, तो प्रत्येकाच्या कानात त्याचं वाक्य क्षणभर आधी म्हणत जायचा, आणि नट ते ऐकत ऐकत रडायचा, ओरडायचा, प्रेम करायचा. रोज एक भाग द्यायचा तर पाठांतराला वेळ कुठून आणणार. आता विचार करा, तो आत बसलेला माणूस पडद्यावर कधीच दिसला नाही, आवाजही कधी ऐकू आला नाही, आणि हजारो भागांतलं प्रत्येक वाक्य आधी त्याच्या तोंडून गेलंय! त्याची मुलाखत घ्यायला नको? माझ्या मते एखाद्या मोठ्या हिरॉइनच्या आधी त्याची घ्यायला हवी.

दुसरी युक्ती म्हणजे माणसाच्या हातात वस्तू द्यायची. जुना फोटो, हेडफोन, कॉलशीट (शूटिंगला कुणी कधी यायचं याचा कागद), काहीही. नुसतं आठवा म्हटलं की माणूस ठरलेली चार वाक्यं बोलतो, जी त्याने शंभरदा सांगितलेली असतात, पण जुना हेडफोन हातात आला की बोटं आपोआप बटण शोधायला लागतात आणि मग जे बाहेर येतं ते कुठेच छापलेलं नसतं. मी हे स्वतः बघितलंय, आमच्या एका निवृत्त साउंडवाल्या काकांच्या हातात मी जुना मायक्रोफोन दिला तर त्यांनी आधी तो उलटा करून तळ बघितला, म्हणाले हा तीन नंबर स्टुडिओतला, याला खरखर होती. आधी तासभर ते मला काहीच आठवत नाही म्हणत होते.

आणि कधीकधी चित्रच नसतं, फक्त आवाज असतो, त्यालाही तेवढाच मान द्यावा लागतो. १९ सप्टेंबर १९८५, सकाळी ७ वाजून १९ मिनिटं, मेक्सिको सिटीत ८.१ तीव्रतेचा भूकंप. तेलेविसाचा सकाळचा ओय मिस्मो हा कार्यक्रम लाइव्ह चालू होता. लूर्देस गेर्रेरो समोर बसलेल्या, मागचे दिवे झुलायला लागतात, त्या शांतपणे सांगतात की भूकंप होतोय, घाबरू नका, आणि थोड्याच वेळात चित्र जातं. चापुल्तेपेक रस्त्यावरच्या तेलेविसाच्या इमारतीचा मोठा भाग कोसळला, आत काम करणारी माणसं गेली. तेवढी काही सेकंदांची चित्रफीत आज उरलीय, आणि ती बघताना प्रत्येक वेळी माझ्या अंगावर काटा येतो, कारण त्या बाई आवाज चढू देत नाहीत.

पुढे काय झालं ते त्या चॅनलवर दिसेना. तेव्हा हाकोबो साब्लुदोव्स्की, जे रोज रात्री टीव्हीवर बातम्या द्यायचे, ते आपल्या मोटारीत बसले, मोटारीत फोन होता, आणि त्या फोनवरून रेडिओला सांगत सुटले की मी आता या रस्त्यावर आहे, इथली इमारत नाही, तिथे धूळ आहे. असं बोलत बोलत ते आपल्या स्वतःच्या पडलेल्या ऑफिससमोर पोचले. देशाचा सगळ्यात प्रसिद्ध टीव्हीचा चेहरा, आणि त्याचं सगळ्यात मोठं काम फक्त आवाजात शिल्लक आहे. डॉक्युमेंटरी करणाऱ्याने त्यावर उगाच कुठलीतरी चित्रं चिकटवू नयेत असं मला मनापासून वाटतं. ऐकू द्यावं लोकांना.

टेप ओव्हनमध्ये भाजतात हे खरं का? – बारावीतली विद्यार्थिनी, रत्नागिरी

खरं. सत्तर-ऐंशीच्या दशकातल्या बऱ्याच टेपांचा डिंकासारखा थर हवेतला ओलावा शोषून चिकट होतो, मशीनला लावली की थर खरवडून निघतो. म्हणून प्रयोगशाळेतल्या ओव्हनमध्ये पन्नासेक अंशावर काही तास ठेवतात, ओलावा जातो, थोडे दिवस टेप चालते, तेवढ्यात कॉपी करून घ्यायची. घरच्या ओव्हनमध्ये अजिबात करू नकोस.

आम्ही ह्यूस्टनला असतो. शेजारचं मेक्सिकन कुटुंब एल चावो नावाची जुनी सिरियल अजून बघतं. २०२० मध्ये ती एकदम सगळीकडून गायब झाली तेव्हा त्यांच्या आजी रडल्या होत्या. असं कसं होऊ शकतं? – एक वाचक, टेक्सास

त्या आजींना माझा नमस्कार सांगा.

एल चावो देल ओचो बघितली की मराठी माणसाला परकं वाटतच नाही. मधे अंगण, चहूबाजूंनी खोल्या, वाळत घातलेले कपडे, याला तिकडे वेसिन्दाद म्हणतात, आपण चाळ म्हणतो. अंगणातल्या पिंपात लपून बसणारं अनाथ पोर, कायम भुकेलं, हॅम सँडविचसाठी जीव टाकणारं. डॉन रामोन नावाचा, चाळीतल्या एका मुलीचा बाप, ज्याचं चौदा महिन्यांचं भाडं थकलंय आणि घरमालक आला की तो दडून बसतो, आणि भाग कुठलाही असो, भाडं चौदाच महिन्यांचं! हे सगळं रोबेर्तो गोमेस बोलान्योस यांनी लिहिलं, पोराचं कामही त्यांनीच केलं, तेव्हा ते चाळिशी ओलांडलेले होते. लोक त्यांना चेस्पिरितो म्हणायचे, म्हणजे छोटा शेक्सपिअर. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला चॅनल ८ वर हे सुरू झालं, नावातला ओचो म्हणजे आठ तो तिथून आला, नंतर चॅनल बदललं म्हणून मग तो पोरगा आठ नंबरच्या खोलीत राहतो असं सांगायला लागले. ब्राझीलमध्ये १९८४ पासून पोर्तुगीजमधून लागते, तिथे तर ती त्यांचीच झालीय.

गायब झाली ती हक्कांमुळे. पात्रं आणि लेखन एकाचं, चित्रीकरण दुसऱ्याचं, मधला करार संपला, नवा जमला नाही, आणि १ ऑगस्ट २०२० पासून जगभरातल्या चॅनलांवरून बंद. टेपा होत्या, मशीन होती, बघणारे होते, तरी नाही. २०२४ मध्ये परत आली. बोलान्योस २०१४ मध्येच गेले होते, त्यांना हे बघावं लागलं नाही.

पण एक अजून सांगते, सुरुवातीच्या वर्षांतले काही भाग कुणाकडेच नाहीत किंवा कित्येक वर्षं दाखवलेच गेले नाहीत. आणि अशा वेळी कामाला येतात ते घरी टेप करून ठेवणारे लोक. त्यामुळे शेजारच्या आजींच्या कपाटात जुन्या व्हीएचएस असतील तर त्यांना म्हणा टाकू नका, त्यावर काय लिहिलंय ते वाचून बघा, आणि जाहिराती मध्ये आल्या असतील तर त्या अजिबात कापू नका, संशोधकांना त्याच तर हव्या असतात.

ताई, मी मास कॉमला आहे. मला आपल्या मराठी टीव्हीबद्दल असंच काहीतरी करायचंय पण पैसे नाहीत, फक्त मोबाइल आहे. कुठून सुरू करू? – विद्यार्थी, कोल्हापूर

तू हे विचारलंस म्हणून मी आज दिवसभर खुशीत आहे.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. म्हणजे तेव्हा पंचविशीत असलेला तंत्रज्ञ आज पंच्याहत्तरी ओलांडून गेलाय. हे गणित आधी वहीत लिही आणि रोज बघ. मेक्सिकोत १९५० ला ज्यांनी कॅमेरा धरला त्यांच्यातलं आता जवळपास कुणी उरलं नसेल, तिकडच्या लोकांची धावपळ बघून मला आपली काळजी वाटते. शिवाय टेपांचंही वय झालंय, युनेस्कोने २०१९ मध्येच सगळ्या देशांना सावध केलं होतं की २०२५ च्या आसपास टेप वाजवणारी मशीनच मिळेनाशी होतील. ते साल आलं आणि गेलं.

मोबाइल पुरेसा आहे, खरंच. फक्त आवाजासाठी कॉलरला लावायचा एक छोटा माइक घे, चित्र थोडं हललं तर चालतं पण आवाज खराब असला की मुलाखत वाया. पंखा बंद करायला सांग, कुकरची वेळ टाळ. स्टारपासून सुरू करू नकोस, त्यांच्या मुलाखती आहेत. गजरा किंवा आमची माती आमची माणसं यांच्या सेटवर कोण सुतार होता, टायटलची अक्षरं हाताने कोण रंगवायचं, फ्लोअर मॅनेजर कोण, यांना शोध. एका माणसाकडून दुसऱ्याचा नंबर मिळतो. प्रत्येकाला शेवटी विचार की तुमच्याबरोबर अजून कोण होतं, आणि घरी काही कागद, फोटो, पास, पगाराची स्लिप आहे का. फोटो जागेवरच मोबाइलने काढून घे, मूळ मागू नकोस, मूळ नेलं आणि हरवलं तर त्या घराचं दार पुन्हा उघडणार नाही. परत आल्यावर त्याच रात्री रेकॉर्डिंगच्या तीन कॉपी कर, त्यातली एक दुसऱ्या कुणाच्या तरी घरी ठेव. फाइलला नाव देताना तारीख, गाव, माणूस, विषय, एवढं लिही. 'काका फायनल २' असं नाव दिलंस तर दहा वर्षांनी तुलाच सापडणार नाही. आणि लेखी परवानगी घे, साध्या कागदावर सही चालेल, एल चावोचं काय झालं ते वर वाचलंसच.

सुरुवात तुझ्याच गावापासून कर. कोल्हापूरच्या स्टुडिओंत फिल्मवर काम केलेले काही लोक पुढे टीव्हीकडे वळले असतील, आधी त्यांना शोध. फोन करून वेळ सकाळची माग, अकराच्या आत, दुपारच्या जेवणानंतर म्हातारी माणसं थकतात. पहिली मुलाखत झाली की मला लिही, मी ऐकीन.